लाल, काळा, पांढरा: ॲरिझोनातल्या डोंगरी किंगस्नेकविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फिनिक्स, चँडलर, टक्सन भागातली मराठी मंडळी जून-जुलैच्या उकाड्याला कंटाळली की डोंगर गाठतात. त्याच दिवसांत माझ्या फोनवर घाईघाईने काढलेले, थोडे हललेले फोटो येऊ लागतात. बहुतेकांत एकच साप असतो: अंगभर लाल, काळे आणि पांढरे पट्टे असलेला. सोबतचे प्रश्नही ठरलेलेच असतात. त्यांची उत्तरं एकदा सविस्तर लिहून ठेवते आहे.

हा साप नक्की कोणता?

ॲरिझोना माउंटन किंगस्नेक. काही जण त्याला सोनोरन माउंटन किंगस्नेक म्हणतात. शास्त्रीय नाव लॅम्प्रोपेल्टिस पायरोमेलाना. लॅम्प्रोपेल्टिस म्हणजे चकाकत्या ढालींचा; त्याचे गुळगुळीत खवले उन्हात पाहिले की हे नाव लगेच पटतं. पायरोमेलानामध्ये आग आणि काळा असे दोन ग्रीक शब्द आहेत. एडवर्ड कोप यांनी १८६६ साली या सापाचं वर्णन केलं, ते फोर्ट व्हिपलच्या नमुन्यांवरून. ही लष्करी छावणी म्हणजे आजच्या प्रेस्कॉट गावाला लागून असलेला भाग. तिथे नेमणुकीवर असलेले लष्करी डॉक्टर इलियट कूज हे हाडाचे निसर्ग अभ्यासक होते आणि त्यांनी त्या भागातले पुष्कळ प्राणी-पक्षी जमा केले.

मराठीत या सापाला नाव नाही, ते साहजिकच आहे. आमच्या घरात तो ‘डोंगरी किंगस्नेक’ या नावाने रुळला आहे, म्हणून इथेही तेच वापरते.

विषारी आहे का?

नाही, पूर्ण बिनविषारी. त्याला विषदंतही नाहीत आणि विषग्रंथीही नाहीत.

मग सगळे इतके का घाबरतात?

कारण त्याच भागात सोनोरन कोरल स्नेक राहतो. तो खरोखर विषारी आहे, नागाच्या कुळातला आहे आणि त्याच्याही अंगावर लाल, काळे, पांढरे पट्टे असतात. चार फुटांवरून, धडधडत्या छातीने पाहिलं की दोघं एकसारखेच वाटतात.

दोन वर्षांपूर्वी माझे बाबा साताऱ्याहून आले होते. ऑगस्टमध्ये आम्ही प्रेस्कॉटजवळच्या जंगलात मुक्कामाला गेलो. आदल्या संध्याकाळी पाऊस झाला होता. सकाळी ओढ्याकाठी बाबा एकदम थबकले आणि माझा दंड धरून म्हणाले, “माग सर. पोवळा आहे.” (पोवळा म्हणजे आपल्याकडचा विषारी कोरल स्नेक.) पडलेल्या पाइनच्या ओंडक्याखालून हातभर साप बाहेर आला होता. मी खाली बसून पाहिलं. तोंडाचा पुढचा भाग साईच्या रंगाचा होता, जणू पिठात नाक बुडवून आलाय. त्याने जीभ दोनदा आतबाहेर केली, ओल्या पाइनच्या काड्यांवरून आवाज न करता सरकला आणि दगडांच्या फटीत गेला. लाल रंग शेवटपर्यंत दिसत राहिला. बाबा बराच वेळ त्या फटीकडे पाहत होते. “एवढा देखणा साप मी उभ्या जन्मात पाहिला नाही,” म्हणाले.

त्याच दिवशी दुपारी पलीकडच्या तंबूपाशी तसाच एक साप मेलेला दिसला. फावड्याने डोकं चेचलं होतं. त्याचाही नाकाचा शेंडा पांढरा होता. मारणाऱ्याला लहान मुलांची काळजी वाटली होती, त्यामुळे मला त्याच्यावर रागवताही येईना. त्याला कुणी फरक सांगितला असता, तर तो साप वाचला असता.

ओळखायचा कसा?

आधी नाकाच्या शेंड्याकडे बघा. डोंगरी किंगस्नेकचा शेंडा पांढरा किंवा फिकट पिवळसर असतो. कोरल स्नेकचं तोंड डोळ्यांच्या मागेपर्यंत काळंकुळकुळीत असतं. माझ्या मते ॲरिझोनात यापेक्षा सोपी आणि भरवशाची खूण नाही. दुरून, फोनचा कॅमेरा झूम करूनही ती दिसते.

मग पट्ट्यांचा क्रम बघा. किंगस्नेकच्या लाल पट्ट्याला दोन्ही बाजूंनी काळी किनार असते. लाल आणि पांढरा एकमेकांना चिकटत नाहीत. कोरल स्नेकमध्ये लाल पट्ट्याला थेट पांढरा किंवा पिवळसर पट्टा लागलेला असतो. किंगस्नेकची काळी किनार पाठीवर कधी इतकी रुंद होते की दोन्ही बाजूंचा काळा रंग मध्ये एकमेकांना मिळतो, आणि लाल रंग फक्त दोन्ही कुशींवर ठिगळांसारखा उरतो. असा साप पाहून ‘हा वेगळाच दिसतोय’ असं म्हणणारे फोटो मला दरवर्षी येतात. तोच असतो. पांढरे पट्टे सहसा चाळीसच्या पुढे भरतात, पण जिवंत साप समोर असताना ते मोजत बसू नका.

अंगकाठीनेही बरंच कळतं. पूर्ण वाढलेला किंगस्नेक अडीच-तीन फुटांचा असतो, क्वचित साडेतीन फुटांपर्यंत जातो, आणि अंगठ्याएवढा जाड असतो. सोनोरन कोरल स्नेक पेन्सिलीएवढा बारीक असतो, बहुधा दीड फुटाच्या आत. दोन फुटांचा म्हणजे मोठाच म्हणायचा. तो मुख्यतः खालच्या वाळवंटात आणि डोंगरपायथ्याला राहतो, तर किंगस्नेक वरच्या ओक-पाइनच्या पट्ट्यात. पण मधल्या उंचीवर दोघांची हद्द एकमेकांत मिसळते, म्हणून फक्त जागेवरून निवाडा करू नका.

कोरल स्नेक घाबरला की डोकं वेटोळ्यात लपवतो, शेपटी वर उचलून गुंडाळतो आणि शेपटीच्या मुळाशी असलेल्या मलद्वारातून हवा सोडून बारीक फटफट आवाज काढतो. एवढ्याशा सापाकडून तो आवाज ऐकून माणूस चकितच होतो. किंगस्नेक असं काही करत नाही. तो बहुधा निघून जातो. अगदीच कोंडीत सापडला तर शेपटी थरथरवतो. वाळलेल्या पानांवर त्याची शेपटी आपटली की ते थेट शेपटीचा खुळखुळा वाजवणाऱ्या विषारी रॅटलस्नेकसारखं वाजतं, आणि बिचारा त्यामुळेही मार खातो.

त्याच्यासारखे दिसणारे आणखी कुठले साप आहेत?

मिल्क स्नेक हा त्याचा सख्खा भाऊबंद. त्याचाही लाल काळ्याला लागून असतो, पण नाक बहुतेक काळसर, कधी पांढऱ्या ठिपक्यांचं. लाँग-नोज्ड स्नेकच्या अंगावर रंग तेच, पण पुसट आणि ठिपक्याठिपक्यांनी विस्कटलेले. तो सपाट वाळवंटात रात्री फिरतो. शोव्हल-नोज्ड स्नेक वाळूत पोहल्यासारखा चालतो. तिघेही माणसाला निरुपद्रवी.

‘लालाला काळा लागून असेल तर बिनविषारी’ हा नियम किती खरा?

अमेरिकेत शाळकरी मुलांना याचं यमक शिकवतात. माझ्या मुलीला मी ते मराठीत असं सांगितलं: लालाशेजारी काळा, भीती टाळा, लालाशेजारी पिवळा, लांब पळा. तिचं झटक्यात पाठ झालं.

पण नियमाला मर्यादा आहेत. तो अमेरिकेतल्या कोरल स्नेकपुरता उपयोगी. मध्य आणि दक्षिण अमेरिकेतल्या कित्येक कोरल स्नेकमध्ये लाल आणि काळा एकमेकांना लागून असतात आणि ते साप जहाल विषारी असतात. खुद्द ॲरिझोनातल्या शोव्हल-नोज्डच्या अंगावर लाल-पिवळा शेजारी असू शकतो, आणि तो बिनविषारी आहे. शिवाय एखादा साप जन्मतःच उलटसुलट रंगांचा निघतो. म्हणून यमक ओळखायला वापरा, हात लावण्याचं धाडस करायला नाही.

हाच नियम गावाकडे चालेल का?

अजिबात नाही. हे मी प्रत्येक वेळी आवर्जून सांगते, कारण सुट्टीत मुलं गावी जातात आणि इथलं यमक तिथे वापरू लागतात.

आपल्याकडचा पोवळा दिसायलाच वेगळा. तो दोऱ्यासारखा बारीक, वरून फिकट तपकिरी, डोकं आणि मान काळी, शेपटीवर दोन काळी कडी. त्याचा पोवळ्यासारखा लाल रंग पोटाकडे असतो, शेपटीखाली निळसर छटा असते, आणि डिवचलं की तो शेपटी गुंडाळून ती खालची बाजू दाखवतो. तीन रंगांची वर्तुळं त्याच्या अंगावर नसतात. म्हणजे बाबांनी “पोवळा” म्हटलं ते नावापुरतंच जवळचं होतं.

महाराष्ट्रात खरी गफलत होते ती मण्यार आणि कवड्याची. मण्यार अतिविषारी, कवड्या बिनविषारी, दोघांच्याही गडद अंगावर फिकट पट्टे. कवड्याचे पट्टे मानेपासूनच सुरू होतात आणि शेपटीकडे पुसट होत जातात. मण्यारीचे पट्टे डोक्यापासून बरेच अंतर सोडून सुरू होतात, बारीक असतात, बऱ्याचदा जोडीजोडीने येतात आणि शेपटीकडे ठळक होतात. मण्यारीच्या पाठीच्या कण्यावरचे खवले मोठे, षटकोनी असतात. घरात असा साप निघाला तर ओळख पटवायला वाकू नका; सर्पमित्राला बोलवा. मण्यारीच्या बाबतीत चुकलात, तर ती चूक सुधारायला वेळ मिळत नाही.

बिनविषारी साप असे भडक रंग का मिरवतो?

मला सगळ्यात आवडणारा प्रश्न हाच.

हेन्री वॉल्टर बेट्स यांनी १८६२ मध्ये ॲमेझॉनच्या फुलपाखरांवरून एक कल्पना मांडली: निरुपद्रवी जीव घातक जिवाचं सोंग घेतो आणि शिकारी त्याच्यापासून लांब राहतो. डोंगरी किंगस्नेक कोरल स्नेकचं सोंग घेतो, असं अभ्यासक मानत आले. पण हे रानात सिद्ध कसं करायचं? २००१ साली डेव्हिड फेनिग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मातीसारख्या मऊ प्लॅस्टिसिनचे साप बनवले. काहींवर किंगस्नेकसारखे तीन रंगांचे कडे, काहींवर तेच रंग पण लांब रेघांत, काही साधे तपकिरी. ते त्यांनी ॲरिझोनाच्या डोंगरांत आणि पूर्वेला कॅरोलिना राज्यांत ठेवले आणि नंतर जाऊन दातांचे, नखांचे ठसे मोजले. कोरल स्नेक जिथे राहतात, तिथे कडेवाल्या सापांवर हल्ले कमी झाले होते. कोरल स्नेक नाहीत अशा उंच किंवा उत्तरेकडच्या जागी मात्र हे संरक्षण मिळेनासं झालं. म्हणजे मूळ भीतीदायक प्राणी शेजारी असेल, तरच त्याची नक्कल चालते.

यातही एक बारकावा आहे. त्याआधी १९७५ मध्ये सुझन स्मिथ यांनी मॉटमॉट नावाच्या मध्य अमेरिकी पक्ष्याची पिल्लं हातावर वाढवून दाखवलं होतं, की लाल-पिवळ्या कड्यांच्या काडीला ती कधीही साप न पाहता, उपजतच घाबरतात. काही शिकाऱ्यांना ही भीती जन्मतःच असते, काहींना ती शिकावी लागते, आणि कुणाची कशी हे अजून पूर्ण उलगडलेलं नाही.

रंगांचा दुसरा उपयोग मी स्वतः अनुभवला आहे. साप स्थिर असताना डोळ्यांत भरतो. तो वेगाने निघाला की कडे एकमेकांत मिसळून नुसती तांबूस-करडी रेघ दिसते आणि तो नेमका किती पुढे गेला हे कळत नाही.

‘किंग’ म्हणजे नागराजाचा नातेवाईक का?

नाही. नागराज, म्हणजे किंग कोब्रा, विषारी आणि पूर्ण वेगळ्या कुळातला. आंबोली-तिलारी आणि गोव्याच्या जंगलांत आढळणाऱ्या नागराजाला २०२४ मध्ये ऑफिओफॅगस कालिंगा ही स्वतंत्र जात मानण्यात आलं. किंगस्नेक मात्र धामणीच्या कुळातला. दोघांच्या नावात ‘किंग’ येण्याचं कारण एकच: दोघेही इतर साप खातात.

त्यात डोंगरी किंगस्नेक साप क्वचितच खातो. त्याचं मुख्य जेवण म्हणजे सरडे. डोंगरातल्या खडकांवर उन्हं खात बसणारे काटेरी अंगाचे सरडे त्याला विशेष प्रिय. त्याशिवाय उंदीर, पक्ष्यांची पिल्लं आणि अंडीही तो खातो, आणि त्यासाठी झुडपांवर चढतो. सावज धरून तो विळखा घालतो. पूर्वी आपण शिकायचो की विळख्याने श्वास कोंडतो. अजगरासारख्या बोआ सापांवरच्या २०१५ मधल्या प्रयोगांत दिसलं की विळख्याने आधी रक्ताभिसरण थांबतं, आणि ते काही सेकंदांतच.

मैदानी भागातले त्याचे मोठे भाऊबंद रॅटलस्नेकही गिळतात. त्यांच्याच भागातल्या रॅटलस्नेकच्या विषाचा त्यांच्यावर फारसा परिणाम होत नाही. रॅटलस्नेकला किंगस्नेकचा वास आला तरी तो डंख मारायला जात नाही. डोकं जमिनीशी ठेवून अंगाचा मधला भाग कमानीसारखा उचलतो आणि त्याने फटके मारतो.

कुठे आणि कधी दिसतो?

ॲरिझोनाचा मध्यभाग, युटाह, नेवाडाच्या पूर्वेकडचे काही डोंगर आणि न्यू मेक्सिकोचा काही भाग. नेवाडातल्या ग्रेट बेसिन राष्ट्रीय उद्यानातही तो आहे. ओढा असलेली घळ, ढिगारे पडलेले दगड आणि ओक-पाइनची सावली अशी जागा त्याची.

त्याचा नकाशा पाहिला की तुटक ठिपके दिसतात. मागच्या हिमयुगात इथलं जंगल खाली, मैदानापर्यंत पसरलं होतं. हवा तापत गेली तसं जंगल डोंगरावर सरकलं आणि खाली वाळवंट उरलं. त्याच्याबरोबर सापही वर गेला आणि एकेका डोंगरावर अडकला. अशा डोंगरांना इथे आकाशातली बेटं म्हणतात. इकडच्या डोंगरावरचा साप तिकडच्या डोंगरावर जायला मधलं तापलेलं वाळवंट ओलांडू शकत नाही.

हिवाळा तो जमिनीखालच्या कपारींत काढतो आणि वसंतात बाहेर येतो. पण दिसण्याची खरी संधी पावसाळ्यात. होय, इथेही मान्सून आहे आणि त्याला मान्सूनच म्हणतात. १५ जून ते ३० सप्टेंबर असा हवामान खात्याचा हंगाम. पाऊस प्रत्यक्षात जुलैत सुरू होतो, दुपारी ढग दाटून धो धो कोसळतो आणि तासाभरात ऊन पडतं. दुसऱ्या दिवशी सकाळी, दगड अजून ओले असताना, हा साप फिरायला निघतो. तो दिवसाचा साप आहे. मादी उन्हाळ्यात थोडीच अंडी घालते, साधारण तीन ते सहा. पिल्लं उन्हाळा संपता संपता बाहेर येतात आणि पहिल्या दिवसापासून आईबापांसारखीच रंगीत असतात.

ॲरिझोनाच्या दक्षिणेला दिसतो तोही हाच का?

दिसायला तसाच. पण २०११ मध्ये जनुकीय अभ्यासावरून आग्नेय ॲरिझोना, न्यू मेक्सिकोचा नैर्ऋत्य कोपरा आणि मेक्सिकोतल्या सापांना लॅम्प्रोपेल्टिस नोब्लोची ही वेगळी जात मानण्यात आलं. आपल्यासारख्यांना डोळ्यांनी फरक करणं अवघड. कुठल्या डोंगरावर दिसला हेच सांगणं उत्तम.

कॅलिफोर्नियाचा माउंटन किंगस्नेक मात्र सहज वेगळा ओळखता येतो, कारण त्याचं नाक काळं असतं. म्हणजे नाकाची खूण कॅलिफोर्नियात लावलीत तर चुकाल. सॅन फ्रान्सिस्कोच्या बे एरियातल्या मंडळींनी हे लक्षात ठेवा. त्यांच्या राज्यात कोरल स्नेकच नाही, ही त्यांची सोय.

वाटेत समोर आला तर काय करायचं? चावला तर?

थांबा आणि त्याला जाऊ द्या. मुलांना मागे घ्या. काठीने डिवचू नका, उचलू नका. फोटो हवा असेल तर आहात तिथूनच काढा.

तो चावतो तो पकडल्यावरच. बारीक दातांचे ओरखडे येतात, थोडं रक्त येतं. साबण-पाण्याने धुवा, धनुर्वाताचं इंजेक्शन झालं आहे ना ते पाहा. सापाची ओळख शंभर टक्के पटली नसेल, तर मात्र विषारीच धरून चला: १-८००-२२२-१२२२ या विषबाधा मदत क्रमांकावर फोन करा, श्वासाला किंवा गिळायला त्रास होऊ लागला तर थेट ९११. जखम कापणं, चोखणं, घट्ट दोरी बांधणं यातलं काहीही करू नका.

पाळता येतो का? भारतात नेता येईल का?

अमेरिकेत पैदास केंद्रात जन्मलेले किंगस्नेक विकत मिळतात आणि माणसाजवळ वीस वर्षांहून जास्त जगतात. वीस वर्षं म्हणजे मूल शाळेत जायला लागल्यापासून नोकरीला लागेपर्यंत. घेताना याचा विचार करा. रानातून उचलायचा विचार करू नका. ॲरिझोनात परवान्याशिवाय साप धरणं बेकायदा आहे, राष्ट्रीय उद्यानांत तर पूर्णच मनाई.

भारतात न्यायचा विषयच काढू नये असं माझं स्पष्ट मत आहे. स्पेनच्या ताब्यातल्या ग्रान कॅनरिया बेटावर कॅलिफोर्निया किंगस्नेक पाळीव म्हणून गेले, सुटले आणि रानात पसरले. फक्त त्याच बेटावर असणारे मोठे सरडे त्यांनी कित्येक भागांतून जवळजवळ संपवले. त्या सरड्यांच्या शेकडो पिढ्यांनी असा शिकारी कधी पाहिलाच नव्हता. सह्याद्रीत आपल्याच सरड्या-पालींच्या अशा कितीतरी जाती आहेत, ज्या एखाद्या पठारापुरत्याच शिल्लक आहेत.

फोटो काढला. आता तो कुठे टाकू?

जरूर दाखवा, पण नेमकी जागा लिहू नका. साप चोरून पकडणारे असे फोटो शोधतच असतात, आणि ते कपारी पहारीने उचकटून काढतात. एकदा फोडलेली कपार पुन्हा तयार होत नाही. तिच्यात वर्षानुवर्षं हिवाळा काढणारे सगळे साप बेघर होतात. मी फक्त डोंगररांगेचं नाव आणि महिना लिहिते. फोनमधल्या फोटोत ठिकाण आपोआप साठतं, तेही पाठवण्याआधी काढून टाका. आणि वाटेवर दगड उलटून पाहिला असेल, तर तो होता तसाच, त्याच बाजूने पुन्हा ठेवा.